स्कॅन होत नाहीये!

जानेवारीत हुरड्याच्या निमित्ताने मंगळवेढ्याला मामाकडे गेलो होतो. मंगळवेढा म्हणजे ज्वारीचं कोठार. २०१६ साली इथल्या ज्वारीला भौगोलिक मानांकनसुद्धा मिळालंय. पुण्याच्या आसपास 'हुरडा पार्टी'चे माणशी भरपूर पैसे मोजणाऱ्या मंडळींनी एकदा इथे येऊन खाऊन बघावा, एवढंच म्हणतो. असो.

तर हात झटकून उठतोय तोच मामेबहिणीची मुलगी एका हातात टॅब आणि दुसऱ्या हातात मराठीचं पुस्तक घेऊन समोर उभी. "मामा, हे स्कॅन होत नाहीये." मागून माझ्या मामाचा आवाज, "अरे तू सॉफ्टवेअरवाला ना? बघ की जरा!" या वाक्यातून आपल्या जमातीची सुटका नाही. प्रिंटर असो, सेट टॉप बॉक्स असो, नाहीतर मिक्सर.

बालभारतीच्या पुस्तकात धड्याजवळ क्यूआर कोड छापलेला असतो. स्कॅन केला की त्या धड्याचं दृकश्राव्य साहित्य 'दीक्षा' ॲपवर उघडतं. मी नेहमीचे उपाय केले. लेन्स शर्टाला पुसली, टॅब बंद करून चालू केला, पान उजेडात धरलं. काही नाही. मग लक्षात आलं की पुस्तकातले काही कोड झटकन स्कॅन होतायत आणि काही अजिबात नाही. पुस्तक तेच, टॅब तोच, उजेडही तोच. म्हणजे बग कोडमध्ये. पण छापलेल्या कोडात बग कसा शिरेल?

याचं उत्तर कळायला जरा मागे जावं लागेल, जपानपर्यंत.

१९९२ च्या सुमारास टोयोटा समूहातल्या डेन्सो कंपनीत मासाहिरो हारा नावाच्या इंजिनियरकडे एक तक्रार आली. कारखान्यातल्या खोक्यांवर बारकोड असायचे. पण एका बारकोडमध्ये जेमतेम वीसेक अक्षरं मावायची, त्यामुळे एकेका खोक्यावर अनेक बारकोड आणि कामगार दिवसभर स्कॅन करून बेजार. हारांनी ठरवलं की माहिती आडवी आणि उभी अशी दोन्हीकडे भरायची. दुपारच्या सुट्टीत ते 'गो' खेळायचे, पटावर काळ्या-पांढऱ्या सोंगट्यांचा तो खेळ. कल्पना तिथून सुचली असं त्यांनीच नंतर सांगितलंय.

पण माहिती भरणं हा सोपा भाग होता. अवघड प्रश्न वेगळाच. खोक्यावर कंपनीचं नाव, चित्रं, चिकटपट्ट्या, डाग असं काय काय असतं. या गर्दीत 'कोड इथे आहे' हे मशीनला कळणार कसं?

(इथे मंगळवेढ्यात बसून मला चोखोबा आठवले. १३३८ साली इथल्या गावकुसाच्या भिंतीचं काम चालू असताना ती कोसळली आणि चोखोबा इतर मजुरांबरोबर ढिगाऱ्याखाली गेले. नामदेव महाराज आले तेव्हा नुसती हाडं उरली होती. परंपरा सांगते की नामदेवांनी एकेक हाड कानाशी नेलं आणि ज्यातून विठ्ठलनाम ऐकू आलं ती चोखोबांची म्हणून उचलली, पंढरपूरला नेली. कोडशी तुलना करायला संकोच वाटतो, पण ढिगाऱ्यातून आपलं तेवढं नेमकं ओळखायचं तर त्यात दुसऱ्या कशातच नसलेली खूण लागते, हे खरंच.)

हारांच्या टीमने ती खूण शोधायला मासिकं, जाहिरातींचे कागद, पुठ्ठ्याची खोकी असं मिळेल ते छापील साहित्य गोळा केलं आणि त्यात काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांची कोणती प्रमाणं येतात ते मोजत बसले. सर्वांत क्वचित येणारं प्रमाण निघालं १:१:३:१:१. एक भाग काळा, एक पांढरा, तीन काळा, एक पांढरा, एक काळा. क्यूआर कोडच्या तीन कोपऱ्यांतले ते चौकोनात चौकोन बघा. कुठल्याही दिशेने मधोमध रेघ मारलीत तरी हेच प्रमाण येतं. त्यामुळे कोड तिरका धरा, उलटा धरा, मशीनला सापडतो. १९९४ साली कोड बाहेर आला. कंपनीने पेटंट घेतलं खरं, पण प्रमाणित कोड वापरणाऱ्यांवर ते बजावणार नाही असं जाहीर केलं. २००० साली आंतरराष्ट्रीय मानक झालं. आज भाजीवाल्या मावशींच्या टोपलीपाशी तो पुठ्ठा लटकतोय त्याचं श्रेय माझ्या मते युपीआयइतकंच या एका निर्णयाला जातं.

दुसरी करामत मात्र डेन्सोची नाही. १९६० साली आयर्विंग रीड आणि गुस्ताव सॉलोमन या दोघांनी पाच पानांचा एक गणिती लेख लिहिला. मूळ माहितीसोबत थोडी जादा माहिती अशा हिशोबाने जोडायची की काही भाग खराब झाला तरी मूळ परत काढता यावं. व्हॉयेजर यानाच्या संदेशांत तेच, ओरखडे पडूनही वाजणाऱ्या सीडीत तेच आणि क्यूआर कोडमध्येही तेच. कोडची सर्वांत वरची पातळी निवडली तर सुमारे ३० टक्के भाग खराब होऊनही तो वाचता येतो. (कॉलेजात हा विषय मी ऑप्शनला टाकला होता. आता पश्चात्ताप होतो.)

पण गंमत अशी की हे सगळं संरक्षण आतल्या माहितीला. कोपऱ्यातल्या तीन चौकोनांना काहीच नाही! मधोमध चहाचा डाग पडला तर कोड चालतो, पण एका कोपऱ्याचं प्रमाण बिघडलं की कोड आहे हेच बऱ्याचदा मशीनला कळत नाही. म्हणूनच मानकात कोडच्या चारही बाजूंना चार घरं रुंदीची पांढरी जागा मोकळी ठेवायला सांगितलीय. (घर म्हणजे त्यातला सगळ्यांत छोटा ठिपका.)

आता पुस्तक परत नीट पाहिलं आणि बग दिसला. जे कोड चालत नव्हते त्यांच्याभोवती काळ्या स्केचपेनने जाडजूड चौकट काढलेली, कोडला अगदी चिकटून. वर वेलबुट्टी. बाहेरची काळी कड एकाऐवजी तीन घरं जाड झालेली. १:१:३:१:१ चं झालं ३:१:३:१:१.

"ही चौकट कुणी काढली गं?"

"मीच. मला आवडलेले धडे आहेत ना ते."

म्हणजे जे धडे सगळ्यांत आवडते तेच बंद! कोऱ्या कागदाला बरोबर कोडएवढी खिडकी कापली, चौकटीवर ठेवली, बाहेरची कड बरोबर एक घर दिसेल अशी सरकवली. मग टॅब जरा लांब धरला, कारण स्वस्त टॅबच्या कॅमेऱ्याला बऱ्याचदा ऑटोफोकस नसतो, फार जवळ नेला की सगळं धूसर. टिंग! लागला.

लागला, पण उघडेना. गोल फिरतंय, फिरतंय. कोडमध्ये धडा नसतोच, फक्त पत्ता असतो. तिथपर्यंत जायला नेटवर्क पाहिजे आणि पोचल्यावर तिथे कुणीतरी काहीतरी ठेवलेलं पाहिजे. हे ज्यांनी आधी ओळखलं ते आमच्याच जिल्ह्यातले, माढा तालुक्यातल्या परितेवाडीच्या जिल्हा परिषद शाळेतले रणजितसिंह डिसले गुरुजी. २००९ मध्ये ते तिथे रुजू झाले तेव्हा शाळेची इमारत पार मोडकळीला आलेली. मुलांची घरची भाषा कन्नड आणि पुस्तकं दुसऱ्या भाषेतली. गुरुजी आधी कन्नड शिकले, पुस्तकं मुलांच्या भाषेत आणली आणि मग त्यात कोड घातले. त्यामागे कविता, गोष्टी, व्हिडिओ, गृहपाठ. २०१७ मध्ये राज्य सरकारने सगळ्या इयत्तांच्या पुस्तकांत कोड आणायचं जाहीर केलं, पुढच्या वर्षी एनसीईआरटीच्या पुस्तकांचीही घोषणा झाली. ३ डिसेंबर २०२० ला गुरुजींना दहा लाख डॉलरचं ग्लोबल टीचर प्राइझ मिळालं आणि त्यांनी त्यातली निम्मी रक्कम बाकीच्या नऊ अंतिम स्पर्धकांत वाटून टाकली.

पेपरांत बातम्या 'क्यूआर कोडवाले गुरुजी' अशा आल्या. मला ते थोडं चुकीचं वाटतं. कोड बनवायला दोन मिनिटं लागतात, फुकट. कन्नड शिकायला किती लागली असतील? मंगळवेढ्याच्या दक्षिणेकडच्या सीमेवरच्या गावांत गेलात तर घरात कन्नड आणि शाळेत मराठी म्हणजे काय ते तासाभरात कळतं.

तर आम्ही टॅब घेऊन गच्चीवर गेलो. तिथे रेंज होती. कविता चालू झाली, खालून मामांनी "झालं का रे?" विचारलं. पोरीने ती दोनदा ऐकली आणि मग स्केचपेन उघडून म्हणाली, "पण मग मी आता चौकट काढायचीच नाही का?"

म्हटलं, काढ की. फक्त चार घरं सोडून.

ती पट्टी घेऊन पुढच्या धड्याचे ठिपके मोजायला बसली.