केडगावचे अखेरचे महिने

१२. केडगाव : पुणे–दौंड लोहमार्गावरचे, दौंड तालुक्यातले गाव, भीमा ओलांडली की शिरूर तालुका. पंडिता रमाबाईंचे मुक्ती सदन इथलेच. त्या मूळच्या इथल्या नव्हेत. १८५८ साली आताच्या कर्नाटकात, सह्याद्रीच्या रानात जन्मल्या. बालपण आईवडिलांबरोबर तीर्थयात्रांच्या पायपिटीत गेले. १८८२ मध्ये पती बिपिनबिहारी मेधावी पटकीने गेले, तेव्हा लग्नाला दोन वर्षेही झाली नव्हती. जुलै १९२१ मध्ये एकुलती मुलगी मनोरमाही वारली. सदनाचा कारभार तिच्या हाती सोपवायचा, हे केव्हाचे ठरलेले. या काळाकडे केवळ श्रद्धेची कसोटी म्हणून पाहणे मला अपुरे वाटते. भोवती सदनाचा एवढा मोठा परिवार, पण ऐकू कमी येणाऱ्या या बाईला आपले म्हणावे असे रक्ताचे माणूस उरले नव्हते. मूळ हिब्रू व ग्रीकवरून मराठीत आणलेल्या बायबलची मुद्रिते मात्र त्या तपासतच राहिल्या; खिळे जुळवणाऱ्या सदनातल्याच मुली. ५ एप्रिल १९२२ रोजी रमाबाई गेल्या. संपूर्ण ग्रंथ १९२४ मध्ये बाहेर पडला.