पदरी असलेला सुलतान

बुद्धिबळाच्या इतिहासात मीर सुलतान खान यांचे नाव निघाले की त्यामागोमाग एक शब्द हटकून येतो : नोकर. निरक्षर पंजाबी नोकर, मालकाबरोबर विलायतेला गेला, साम्राज्याचा विजेता झाला आणि मालकाबरोबरच परत येऊन विस्मृतीत गेला. गोष्ट इतकी घडीव आहे की ती सांगणाऱ्याला आणखी शोध घ्यावासा वाटत नाही. २०२० मध्ये ग्रँडमास्टर डॅनियल किंग यांनी लिहिलेले त्यांचे चरित्र मेहनतीने सिद्ध केलेले आहे. पण त्याच्याही उपशीर्षकात 'भारतीय नोकर' आहेच. सुलतान खान यांच्या कुटुंबीयांनी या शब्दाला जाहीर हरकत घेतली. या वादात कोण खरे, यापेक्षा मला वेगळाच प्रश्न महत्त्वाचा वाटतो. या माणसाचे जगातले स्थान सांगायला इंग्रजीत नेमका शब्द होता का?

आधी निर्विवाद गोष्टी पाहू. सुलतान खान यांचा जन्म पंजाबातल्या मिठा टिवाणा या गावचा. तो भाग आज पाकिस्तानात आहे. वडील मियाँ निजामुद्दीन यांनी लहानपणीच त्यांना बुद्धिबळ शिकवले, पण ते देशी. देशी डावात प्यादे पहिल्या चालीलाही एकच घर सरकते. पटाच्या पलीकडच्या टोकाला पोचलेले प्यादे हवे ते मोहरे होत नाही. ज्या घरात पोचले त्या घरचे मोहरे होते. किल्लेकोट नाही, त्याऐवजी राजाला एकदाच घोड्याची अडीच घरांची चाल. आपल्याकडे वाड्यांच्या ओसरीवर खेळलेले जुने डाव ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना यातले बरेच ओळखीचे वाटेल.

त्याच भागातले बडे जमीनदार सर उमर हयात खान टिवाणा यांनी या तरुणाला हेरले आणि युरोपीय नियमांचे शिक्षण मिळवून दिले. १९२८ च्या अखिल भारतीय स्पर्धेत सुलतान खान यांनी नऊपैकी आठ डाव जिंकले, एक बरोबरीत सोडवला. पुढच्याच वर्षी उमर हयात खान भारतमंत्र्यांच्या कौन्सिलचे सदस्य म्हणून लंडनला गेले, तेव्हा सुलतान खान त्यांच्याबरोबर होते. तिथल्या पहिल्या छोट्या स्पर्धेत ते तळाला राहिले. युरोपातले खेळाडू सुरुवातीच्या चाली पुस्तकातून पाठ करून येत; यांच्याजवळ पुस्तक नव्हते. विल्यम विंटर आणि फ्रेड येट्स या इंग्रज खेळाडूंनी त्यांना त्या चालींची ओळख करून दिली. काही महिन्यांतच, १९२९ च्या उन्हाळ्यात, रॅम्सगेट येथे ते ब्रिटिश विजेते झाले. ही स्पर्धा साऱ्या साम्राज्यातल्या प्रजाजनांना खुली होती. ती ते चार वेळा खेळले आणि १९२९, १९३२ व १९३३ अशी तीनदा जिंकले.

१९३०-३१ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत त्यांनी माजी जगज्जेते कापाब्लांका यांना ६५ चालींत हरवले. हा डाव मी अनेकदा पटावर मांडून पाहिला आहे. त्यात डोळे दिपवणारा बळी नाही, अचानक कोसळणारा हल्ला नाही. पांढरी मोहरी हळूहळू जागा व्यापत जातात आणि काळ्याला हलायला घरे उरत नाहीत. ज्याने वर्षानुवर्षे एकेक घर सरकणारी प्यादी हाताळली, त्याच्या अंगी असा संथ, न उतावीळ होणारा खेळ मुरला असावा, असे मला वाटते. त्यांची सुरुवात कच्ची आणि अखेर भक्कम असे समकालीन म्हणत. त्याचे मूळही या देशी शिक्षणातच असणार. पुढे कापाब्लांका यांनीच त्यांच्याबद्दल लिहिताना 'जीनियस' हा शब्द वापरला.

१९३१ मध्ये बारा डावांच्या सामन्यात त्यांनी तार्ताकोव्हर यांना ६½-५½ असे हरवले. त्याच वर्षी प्रागच्या ऑलिम्पियाडमध्ये इंग्लंडच्या पहिल्या पटावर बसून ते १७ डाव खेळले : आठ विजय, सात बरोबरी, दोन पराभव. हरलेल्यांत फ्लोर आणि रुबिनस्टाइन होते. जगज्जेते आलेखिन यांच्याशी बरोबरी झाली. हे सगळे मलेरिया, सर्दी आणि घशाची दुखणी अंगावर काढत. गळ्याभोवती कापड गुंडाळून पटावर बसलेले सुलतान खान ही त्या काळच्या प्रेक्षकांच्या ओळखीची मूर्ती होती.

आता 'नोकर' या शब्दाकडे येऊ. त्याचा सर्वांत प्रसिद्ध आधार म्हणजे अमेरिकन खेळाडू रूबेन फाइन यांची आठवण. १९३३ च्या फोकस्टन ऑलिम्पियाडच्या सुमारास अमेरिकन संघाला उमर हयात खान यांच्या लंडनमधल्या घरी जेवणाचे निमंत्रण होते. तिथे सुलतान खान पाहुण्यांना वाढत होते आणि ज्याच्यासाठी आपण आलो त्याच्याकडूनच वाढून घेताना आम्हाला संकोच वाटला, असे फाइन सांगतात. प्रसंग बोचरा आहे. पण साक्ष तपासली पाहिजे. हे लेखन १९५१ च्या पुस्तकातले, म्हणजे प्रसंगानंतर अठरा वर्षांनी केलेले. त्यात यजमानांना 'महाराजा' म्हटले आहे. उमर हयात खान मोठे जमीनदार होते, राजे नव्हते. ज्या पाहुण्याला यजमानाचा दर्जा नीट उमगला नाही, त्याला वाढणाऱ्याचा दर्जा उमगला असेल का? आपल्याकडे पंगतीत घरचा माणूस वाढतो तो मान म्हणूनही वाढतो. तसेच असेल असा माझा दावा नाही. त्या एका दृश्यावरून निवाडा करता येत नाही, एवढेच. निरक्षरतेचेही तसेच. बुद्धिबळाच्या प्रतिष्ठित इंग्रजी कोशानेही त्यांना लिहिता-वाचता येत नव्हते असे छापले. कुटुंबीय ते नाकारतात. इंग्रजी न येणारा तो निरक्षर, असा हिशेब त्या काळी अनेक इंग्रजांनी केला होता.

मराठीत मात्र या नात्याला शब्द आहे : पदरी असणे. गवई संस्थानिकाच्या पदरी असे, मल्ल असे, शास्त्री असे. अल्लादिया खाँसाहेब शाहू महाराजांच्या काळात कोल्हापूर दरबारचे गायक होते. त्यांना कोणी नोकर म्हणणार नाही आणि महाराजांच्या बरोबरीचेही म्हणणार नाही. पदरी असलेल्याला मान असतो, पोटाची हमी असते, गुणाची कदर असते. नसते ते एकच : आपल्या कलेचे पुढे काय करायचे हे ठरवण्याचे स्वातंत्र्य. सुलतान खान यांची शोकांतिका मला इथे दिसते. त्यांनी ताटे उचलली की नाही हा गौण भाग आहे. १९३३ च्या अखेरीस आश्रयदाते परत निघाले आणि जगातल्या पहिल्या दहांत गणला जाईल असा खेळाडू ऐन उमेदीत त्यांच्याबरोबर परतला.

याला दुसरी बाजू आहे, तीही सांगितली पाहिजे. त्याच घरातल्या फातिमा यांनी १९३३ मध्ये ब्रिटिश महिला विजेतेपद मिळवले होते. मायदेशी परतल्यावर सुलतान खान यांना तुरुंगातून सुटल्यासारखे वाटले, असे त्यांनी पुढे सांगितले. इंग्लंडची ओल आणि आजारपणे पाहता ते पटते. म्हणजे परत येणे ही निव्वळ सक्ती नव्हती, आणि मुक्त निवडही नव्हती.

परतल्यावरच्या त्यांच्या एका लढतीत समोर मराठी आडनाव दिसते. १९३५ मध्ये व्ही. के. खाडिलकर यांच्याशी ते दहा डाव खेळले. नऊ जिंकले, एक बरोबरीत सुटला. ज्या खेळाडूने तो एक डाव वाचवला त्याचे कौतुक वाटते. त्यानंतर मोठ्या बुद्धिबळात ते दिसत नाहीत. त्यांनी शेती पाहिली, संसार केला. मुलांना बुद्धिबळ शिकवले नाही; आयुष्यात याहून उपयोगाचे काही करा, असे ते सांगत.

१९५० मध्ये जागतिक संघटनेने ग्रँडमास्टर हा किताब पहिल्यांदा २७ जणांना दिला. यादीत तार्ताकोव्हर होते, फ्लोर होते, खेळणे कधीच सोडलेले रुबिनस्टाइनही होते. तिघांनाही हरवलेला माणूस सरगोध्याकडे हयात होता. त्याचे नाव नव्हते. त्याच्या बाजूने बोलायला ना इंग्लंड उरले होते, ना भारत, आणि पाकिस्तान तीन वर्षांचे होते. १९६६ मध्ये सरगोध्यात त्यांचे निधन झाले. किताब मिळाला तो फेब्रुवारी २०२४ मध्ये, मरणोत्तर, मानद.

२०२५ च्या जुलैत नागपूरच्या दिव्या देशमुख यांनी बातुमीत महिला विश्वचषक जिंकला आणि त्याच विजयाने त्या ग्रँडमास्टर झाल्या. स्पर्धेच्या नियमात तशी तरतूद आहे. कोणाची शिफारस लागली नाही, कोणाची मर्जी सांभाळावी लागली नाही. फातिमा आणि सुलतान खान यांच्याजवळ खेळ होता, असा नियम नव्हता.