पोलादी सांगाडा आणि साधू बेट

मेहकरच्या शारंगधर बालाजीची काळ्या पाषाणातली मूर्ती सुमारे ११ फूट उंच आहे. १८८८ साली ती इथल्याच जमिनीतून निघाली आणि इथेच तिची प्रतिष्ठापना झाली. बुलढाणा जिल्ह्याला या भव्यतेचं अप्रूप आजही आहे. पण पाषाणातली मूर्ती शिळेपेक्षा मोठी होत नाही. उंची शेकडो फुटांवर न्यायची, तर आत पोलाद घालावंच लागतं.

ते काम गोंदूरच्या राम वनजी सुतारांच्या हातून झालं. १९२५ साली धुळे जिल्ह्यातल्या या खेड्यात जन्मलेले सुतार जे. जे. कला महाविद्यालयात शिकले. पुढे पुरातत्त्व खात्यात असताना १९५४ पासून चार वर्षं त्यांनी अजिंठा-वेरूळच्या भग्न शिल्पांची डागडुजी केली. डोंगरातच कोरलेलं शिल्प जागेपासून वेगळं काढता येत नाही, हे त्या लेण्यांइतकं स्पष्ट कुठे दिसणार? मग गांधीसागर धरणापाशी त्यांनी चंबळ नदीचं ४५ फुटी शिल्प घडवलं: आई आणि तिची दोन मुलं, म्हणजे मध्य प्रदेश आणि राजस्थान. धरणाचं पाणी वाटून घेणारी दोन राज्यं धरणाच्या काठीच उभी राहिली. जागेचा इतका नेमका विचार आपल्याकडच्या चौकातल्या पुतळ्यांत क्वचितच आढळतो.

सुतारांनीच घडवलेला सरदार पटेलांचा १८२ मीटरचा पुतळा नर्मदेत साधू बेटावर आहे, सरदार सरोवरापासून सव्वातीन किलोमीटर खाली. पायासाठी टेकडीचा माथा ७० मीटरवरून ५५ मीटरवर आणला. सुतारांनी आधी लहान नमुने केले, मग ३० फुटी. आत काँक्रीटचे दोन उभे गाभे, त्यांभोवती पोलादी सांगाडा आणि त्यावर ब्राँझचे पत्रे. सरदार चालण्याच्या पवित्र्यात असल्याने दोन पावलांत सहा मीटरहून जास्त अंतर राहिलं, आणि नदीच्या खोऱ्यातला वारा त्या फटीतून जोराने वाहणार होता. त्याचा अभ्यास करावा लागला. हेलकावे आवरायला आत प्रत्येकी २५० टनांची दोन वजनं बसवली. गावोगावच्या शेतकऱ्यांकडून शेतीच्या जुन्या अवजारांचं लोखंडही गोळा झालं होतं, ते प्रकल्पाच्या इतर कामांत वापरलं गेलं.

३१ ऑक्टोबर २०१८ला अनावरण झालं, त्या दिवशी परिसरातल्या आदिवासींनी जमिनीच्या प्रश्नावर निषेध नोंदवला. शिल्पाची जागा निवडताना तिथे राहणाऱ्यांचा हक्कही मोजायला हवा होता.

शेकडो फुटांच्या उंचीचं आणखी एक काम म्हणजे मुंबईत दादरच्या इंदू मिलच्या जागेसाठीचा डॉ. आंबेडकरांचा ३५० फुटी पुतळा; त्याचं शिल्पही सुतारांचंच.