दुय्यम भूमिकेचें मोल

रंगभूमीवरील टाळी बहुधा मुख्य नटाच्या वांट्यास जाते. ज्याच्या आधारानें ती पडते, त्या दुय्यम नटाचें नांव प्रेक्षक घरीं पोंचण्यापूर्वींच विसरतात. अमेरिकन दूरचित्रवाणीच्या इतिहासांत हार्वे कॉर्मन यांनीं मात्र दुय्यम भूमिकांवरच कीर्ति मिळविली.

कॉर्मन यांचा जन्म १९२७ सालीं शिकागो शहरीं झाला. दुसऱ्या महायुद्धांत नौदलांत नोकरी केल्यावर त्यांनीं तेथील गुडमन नाट्यविद्यालयांत शिक्षण घेतलें. गाणीं, नृत्यें व प्रहसनें एकत्र गुंफलेले तासाभराचे रंजनकार्यक्रम तेव्हां दूरचित्रवाणीवर लोकप्रिय होते. त्यांपैकीं डॅनी के यांच्या कार्यक्रमांत कॉर्मन १९६४ पासून १९६७ पर्यंत होते. त्याच वर्षीं सप्टेंबरांत कॅरॉल बर्नेट यांचा कार्यक्रम सुरू झाला आणि पुढील दहा वर्षें ते तेथेंच रमले.

त्यांच्या कामाचें मर्म १९७६ च्या एका प्रहसनांत दिसतें. ‘गॉन विथ द विंड’ या चित्रपटाचें तें विडंबन होतें. खिडकीचा पडदा पोषाख म्हणून नेसून, त्याची दांडी खांद्यांवर तशीच ठेवून बर्नेट जिन्यावरून उतरतात आणि प्रेक्षागृह हंशानें दुमदुमतें. हंसूं पिकविलें तें त्या पोषाखानें, हें खरें. पण त्याची मनापासून प्रशंसा करणारा भारदस्त पुरुष समोर उभा नसता, तर तो विनोद अर्धाच राहिला असता. वेड्या जगाला खरेपणा देणें, हें कॉर्मन यांचें काम.

हा गंभीरपणा मोडण्याचें कसब टिम कॉनवे यांस साधलें होतें. कार्यक्रमाचें मुद्रण एकाच दिवशीं दोनदां, प्रेक्षकांसमोर होई; दुसऱ्या खेपेस कॉनवे आयत्या वेळीं नव्या करामती घुसडीत. १९६९ च्या दंतवैद्याच्या प्रहसनांत कॉनवे बधिरतेची सुई स्वतःच्याच हातांत टोंचून घेतात. खुर्चींतील रोगी झालेले कॉर्मन हंसूं दाबतां दाबतां हतबल होतात. एरवीं नटाचा जो दोष ठरावा, तोच येथें प्रेक्षकांस प्रिय झाला.

चार एमी पारितोषिकें मिळविल्यानंतर १९७७ सालीं कॉर्मन यांनीं तो संच सोडला. १९७८ सालीं त्यांच्या स्वतःच्या नांवाची मालिका आली आणि थोड्याच भागांनंतर बंद पडली. इकडे त्यांच्या जागीं डिक व्हॅन डाइक हे नामवंत नट आले. परंतु स्वतंत्र नायक म्हणून गाजलेल्या त्या कलावंतास ती जागा मानवली नाहीं, व कांहीं महिन्यांतच तेही निघून गेले. मार्च १९७८ मध्यें बर्नेट यांचा कार्यक्रमही संपला.

उत्तरायुष्यांत कॉर्मन व कॉनवे यांनीं गांवोगांवीं जोडीनें प्रयोग केले. २००८ सालीं, एक्याऐंशीव्या वर्षीं, कॉर्मन निवर्तले. पहिल्या स्थानीं ते टिकले नाहींत आणि त्यांचें दुसरें स्थान एका नामवंत नायकासही भरून काढतां आलें नाहीं. दुय्यम म्हटल्या जाणाऱ्या कलेचें मोल याहून स्पष्ट क्वचितच ठरलें असेल.