अक्षरांच्या पोटातले साल

उच्चार करताच काळ मागेपुढे सरकवणारी भाषा कथालेखकांच्या कल्पनेत असते. शब्दांत काळ साठवून ठेवण्याची एक रीत मात्र आपल्या वाडवडिलांनी खरोखरच वापरली. तिला 'तारीख काढणे' म्हणत. लग्नपत्रिकेच्या माथ्यावर ७८६ छापणारे आम्ही तिचा पाया रोज पाहतो. फक्त त्यावर उभी असलेली इमारत विसरलो आहोत.

अरबीच्या अठ्ठावीस अक्षरांना ठरलेले मोल आहे. अलिफ १, बे २, ये १०, काफ २०, लाम ३०, आणि शेवटी ग़ैन १०००. या हिशेबाचे नाव अबजद. बिस्मिल्लाहच्या सगळ्या अक्षरांची बेरीज ७८६ होते, एवढेच त्या आकड्याचे रहस्य. याच हिशेबाने फारसी-उर्दू कवी कुणाचा जन्म, कुणाचा मृत्यू, एखाद्या मशिदीचे बांधकाम यांचे हिजरी साल अर्थपूर्ण शब्दांत बसवत. नुसता आकडा नकलताना चुकतो, दगडावरून झिजतो. अर्थ असलेले शब्द लोकांच्या तोंडी राहतात आणि सालही आपल्यासोबत नेतात. मौलाना अबुल कलाम आझाद यांचे 'तारीखी नाव' फ़ीरोज़बख़्त होते. त्याची बेरीज १३०५, म्हणजे त्यांच्या जन्माचे हिजरी साल, इसवी १८८८.

मराठी मुलखाला ही कल्पना परकी नव्हती. इथल्या संस्कृत पोथ्यांत आणि शिलालेखांत चंद्र म्हणजे १, नेत्र म्हणजे २, वेद म्हणजे ४, बाण म्हणजे ५ असे शब्दांनी शक सांगत. फरक इतकाच की तिथे शब्दाचा अर्थ मोजला जातो, इथे अक्षर.

आमच्या शहरापुरते बोलायचे तर आज़ाद बिलग्रामींचे उदाहरण घ्यावे. अवधमधल्या बिलग्रामचे हे विद्वान औरंगाबादेत (२०२३ पासून छत्रपती संभाजीनगर) स्थायिक झाले. पाणचक्कीजवळच्या बाबा शाह मुसाफिरांच्या तकियात ते काही वर्षे राहिले. १७८६ मध्ये ते वारले आणि खुलताबादेत दफन झाले. आता त्यांचे नाव मोजून पाहू. ग़ुलाम : १००० + ३० + १ + ४० = १०७१. अली : ७० + ३० + १० = ११०. आज़ाद : १ + ७ + १ + ४ = १३. एकूण ११९४. या नावाआधी दुःखाचा एक 'आह' ठेवा. अलिफ १, हे ५. बेरीज बरोबर १२००, आणि हिजरी १२०० हेच त्यांच्या मृत्यूचे साल. उसासा टाकून माणसाचे नाव घेतले की त्याच्या जाण्याची वेळ सांगून होते.

आता हेच नाव आपण मराठीत लिहितो तसे लिहून पाहा. आपल्याकडे नुक्ता लागत नाही, म्हणून 'ग़ुलाम'चा 'गुलाम' होतो. वाचणाऱ्याने 'ग' हा गाफ समजला, तर १००० च्या जागी २० येतात आणि ९८० वर्षे गळून पडतात. 'नजर'चेही तेच. दृष्टी या अर्थाची नज़र 'ज़ोय'ने लिहितात, तिची बेरीज ११५०. सरदाराला नजर केलेली वस्तू 'ज़ाल'ने, तिची ९५०. आमच्या जिभेवर दोन्ही सारख्याच, मधले अंतर दोनशे वर्षांचे. 'स'ची तर तीन अक्षरे : सीन ६०, साद ९०, से ५००. देवनागरीत शब्द पोहोचतो, त्याच्या पोटातले साल वाटेतच सांडते.

हा केवळ पंडिती हिशेब नाही. वली औरंगाबादी १७०७ मध्ये वारला की त्यानंतर, यावर अभ्यासकांचा वाद आहे आणि त्या वादात अशाच एका तारखेची साक्ष काढली जाते. अहमदाबादेतला वलीचा मजार २००२ च्या दंगलीत पाडला गेला आणि त्यावर डांबरी रस्ता झाला. दगड राहिला नाही, तेव्हा अक्षरांची साक्षच उरते. ती वाचणारे उरले नाहीत, तर मजार दुसऱ्यांदा पाडल्यासारखे होईल, आणि या वेळी बाहेरून कुणाला येण्याची गरजही पडणार नाही.

आम्ही मराठीत लिहितो, मराठीतच लिहिणार. लिपी बदलल्याचा खेद करण्याचे कारण नाही. मात्र जुन्या कबरीवरचा किंवा मशिदीच्या कमानीवरचा मजकूर देवनागरीत उतरवताना त्याखाली मूळ अक्षरांची नावे आणि बेरीज लिहिण्याची शिस्त आपण लावून घेऊ शकतो. एका ओळीचे काम आहे. आणि त्याची किल्ली घरोघरी आहेच. मकतबमध्ये जाणाऱ्या आपल्या पोरांना से, सीन आणि साद यांतला फरक पाठ असतो. त्यांचे मोल तेवढे शिकवायचे राहिले आहे.