इन्फेक्शियस मोनोन्यूक्लिओसिससह मेनिंजायटिस : निदान-संकेतन

इन्फेक्शियस मोनोन्यूक्लिओसिस (व्यवहारात ‘मोनो’) या विषाणुजन्य आजारात मेंदूच्या आवरणांना सूज (मेनिंजायटिस) आल्यास त्या निदानाला आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणातला (आयसीडी) संकेतांक देण्याची पद्धत. जागतिक आरोग्य संघटनेच्या दहाव्या आवृत्तीत या निदानाला दोन संकेतांक लागतात, त्याच आवृत्तीच्या अमेरिकी रूपात एकच. नवी मुंबईतल्या सीबीडी बेलापूर आणि एकूण ठाणे-बेलापूर पट्ट्यात या दोन्ही पद्धती शेजारी-शेजारी चालतात. भारतीय रुग्णालयांच्या नोंदी पहिल्या पद्धतीने होतात, तर अमेरिकी रुग्णालयांचे चार्ट वाचणारे मेडिकल कोडर दुसरी वापरतात.

आजार. ताप, घसा दुखणे, मानेतल्या गाठी, पानथरी वाढणे. एमिल फायफर यांनी १८८९मध्ये ‘ग्रंथिज्वर’ म्हणून वर्णन केले. आजचे नाव १९२०मधले. एपस्टाइन, अचाँग व बार यांना १९६४मध्ये एपस्टाइन-बार विषाणू सापडला आणि १९६८मध्ये हेन्ले दांपत्याने त्याचा मोनोशी संबंध दाखवला. सायटोमेगॅलो विषाणूमुळेही असाच आजार होतो. मज्जासंस्थेची गुंतागुंत थोड्याच रुग्णांत होते आणि मेनिंजायटिसचे बहुतेक रुग्ण पूर्ण बरे होतात. भारतात हा संसर्ग बहुतेकांना लहानपणीच, फारशी लक्षणे न दाखवता होऊन जातो, त्यामुळे तरुण वयातला ठळक मोनो इथल्या वॉर्डात कमी दिसतो. बेलापूरच्या कोडरला या निदानाचा संकेतांक भेटतो तो मुख्यतः परदेशी चार्टमध्ये.

दोन संकेतांकांची पद्धत. मोनोचा गट बी२७. त्यात बी२७.० हा एपस्टाइन-बारच्या गॅमाहर्पिस विषाणूचा, बी२७.१ सायटोमेगॅलोचा, बी२७.८ इतर प्रकारांचा आणि बी२७.९ प्रकार न सांगितलेल्यांचा. मूळ आजाराच्या या संकेतांकापुढे कट्यारीचे चिन्ह (†) येते, आणि आजार शरीरात जिथे प्रकट झाला ते सांगणारा जी०२.० हा दुसरा संकेतांक तारकेसह (*) जोडला जातो. जी०२.० म्हणजे ‘अन्यत्र वर्गीकृत विषाणुरोगांतील मेनिंजायटिस’. गोवर, गालगुंड, कांजिण्या यांच्यानंतरचा मेनिंजायटिसही इथेच. तारकेचा संकेतांक कधीही एकटा लिहीत नाहीत आणि मृत्यूच्या मूळ कारणाच्या तक्त्यात तो धरत नाहीत. ही कट्यार-तारका जोडी नवव्या आवृत्तीपासून आहे. क्षयरोगाचा मेनिंजायटिसही याच रीतीने (ए१७.०†, जी०१*) लिहितात. आपल्याकडे मोनोपेक्षा त्याचीच शक्यता आधी तपासावी लागते.

अमेरिकी पद्धत. तिथे १ ऑक्टोबर २०१५पासून आयसीडी-१०-सीएम लागू आहे. तीत बी२७ला पाचवे अक्षर जोडलेले आहे : ० म्हणजे गुंतागुंत नाही, १ म्हणजे पॉलिन्यूरोपॅथी, २ म्हणजे मेनिंजायटिस, ९ म्हणजे इतर गुंतागुंत. म्हणून एपस्टाइन-बारमुळे झालेला मोनो आणि मेनिंजायटिस मिळून बी२७.०२, सायटोमेगॅलोसाठी बी२७.१२, इतर प्रकारांसाठी बी२७.८२, विषाणू लिहिलेला नसल्यास बी२७.९२. जी०२खाली ‘एक्स्क्लूड्स १’ टीप असून मेनिंजायटिसची गुंतागुंत झालेला मोनो तिथून वगळला आहे. म्हणजे बी२७.०२सोबत जी०२ लिहिणे चूक. जागतिक पद्धतीत शिकलेला नवा कोडर नेमका इथे अडखळतो, कारण तिकडे जी जोडी अनिवार्य, तीच इकडे निषिद्ध.

दुसरी अडचण कारणसंबंधाची. डॉक्टरांनी चार्टमध्ये ‘मोनो’ आणि ‘मेनिंजायटिस’ वेगवेगळ्या ओळींत लिहिले आणि एकामुळे दुसरे झाले असे म्हटले नाही, तर काय करायचे? वर्णानुक्रम सूचीत मोनोच्या नोंदीखाली ‘विथ’ या शब्दानंतर मेनिंजायटिस येतो, आणि अशा ठिकाणी संबंध गृहीत धरावा असा नियम आहे. दोन्हींचा संबंध नाही असे डॉक्टरांनी स्पष्ट लिहिले असेल तरच ते वेगळे कोड होतात. हा नियम माहीत नसलेला कोडर बी२७.९०च्या जोडीला जी०३.९ लावतो. मग मोनो गुंतागुंतीविना नोंदला जातो आणि मेनिंजायटिस कारणाविना. आकडेवारीतून हा आजार असाच हरवतो.

पाठीच्या पाण्याच्या पीसीआर तपासणीत एपस्टाइन-बार आढळला, पण डॉक्टरांच्या टिपणात त्याचा उल्लेख नाही, अशा वेळी कोडरला नुसत्या लॅब रिपोर्टवरून बी२७.०२ देता येत नाही. डॉक्टरांना क्वेरी पाठवावी लागते. उत्तर न आल्यास बी२७.९२वर थांबावे लागते. ‘प्रॉबेबल’ किंवा ‘सस्पेक्टेड’ असे डिस्चार्जच्या वेळी लिहिले असेल, तर दाखल रुग्णाच्या चार्टमध्ये ते निदान निश्चित असल्यासारखे कोड होते. ओपीडीच्या चार्टमध्ये मात्र नाही, तिथे लक्षणेच कोड करतात. मेंदूलाच सूज असल्यास (एनसेफलायटिस) हे पाचवे अक्षर २ चालत नाही.

सीबीडी बेलापूर. सिडकोने नवी मुंबईत आखलेले व्यापारी केंद्र. सिडको भवन, कोकण भवन आणि नवी मुंबई महानगरपालिकेचे (स्थापना १ जानेवारी १९९२) मुख्यालय इथे आहे. परिसरात मोठी खासगी रुग्णालयेही आहेत. विम्याच्या दाव्यात रुग्णालयाने भरायच्या भागात आयसीडी-१०च्या संकेतांकाचा रकाना असतो आणि टीपीए (विमा कंपनीसाठी दावे तपासणारी त्रयस्थ संस्था) तो डिस्चार्ज समरीशी पडताळून पाहतो. समरीत नुसते ‘व्हायरल मेनिंजायटिस’ लिहिले असेल, तर नोंद ए८७.९वर जाते आणि मोनोचा मागमूस उरत नाही. म्हणून वैद्यकीय अभिलेख विभागाने डॉक्टरांकडून विषाणूचे नाव आग्रहाने लिहून घ्यावे. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत दावे उपचार-पॅकेजनुसार मंजूर होतात. तिथे विषाणूच्या नावाचा हा भेद फारसा पोचत नाही.

मृत्यूची नोंद. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ अन्वये रुग्णालयातील मृत्यूचे कारण नमुना ४मध्ये लिहितात. भाग १च्या शेवटच्या ओळीत मूळ कारण म्हणून मोनो आणि वरच्या ओळीत मेनिंजायटिस, असा क्रम.

प्रमाणपत्र परीक्षा. कोडरांसाठी अमेरिकी संस्था एएपीसीची सीपीसी व अहिमाची सीसीएस.

अकरावी आवृत्ती. जागतिक आरोग्य संघटनेकडून १ जानेवारी २०२२पासून लागू. मोनो १डी८१, एपस्टाइन-बारमुळे झालेला १डी८१.०. कट्यार-तारका गेली, गुंतागुंत दुसरा संकेतांक जोडून पुंजरूपात लिहितात.