तळटीप : बिस्मार्कचे कामगार-विमे

* 'बिस्मार्कने कामगारांना पेन्शन दिले' असे लेखक ओघात म्हणून जातो. प्रकरण इतके सरळ नव्हते. १८७८ मध्ये समाजवाद्यांच्या सभांवर आणि वृत्तपत्रांवर बंदी घालणाऱ्या याच चॅन्सेलरने १८८३ मध्ये आजारपणाचा, १८८४ मध्ये अपघाताचा आणि १८८९ मध्ये वार्धक्य व अपंगत्वाचा विमा आणला. एका हातात छडी, दुसऱ्या हातात खाऊ. आजारपणाच्या वर्गणीतले दोन हिस्से कामगाराचे, एक मालकाचा. अपघाताचा भार मात्र सगळा मालकावर. पेन्शनसाठी दर आठवड्याला कार्डावर तिकीट चिकटवावे लागे. त्याची निम्मी किंमत मालक भरी, निम्मी मजुरीतून कापली जाई. पेन्शन सुरू झाले की सरकार वर्षाला ५० मार्कांची भर घाली. पण वयाची अट होती ७०! खाणीत राबलेला माणूस तिथवर पोचणार कसा? ती ६५ वर आली १९१६ मध्ये, ऐन महायुद्धात. (६५ चा आकडा सर्रास बिस्मार्कच्या नावावर खपवला जातो, तो चूक.) समाजवाद्यांची मते या साऱ्याने घटली नाहीतच : १८९० च्या निवडणुकीत सर्वाधिक मते त्यांनाच पडली, आणि त्याच वर्षी बिस्मार्कची खुर्ची गेली. — संपा.